सात रस्त्याजवळचं अण्णांचं दुकान : कॅसची फाइल आणि वेतननिश्चिती

सोलापूर जिल्ह्यातल्या ज्या प्राध्यापकांची कॅसची, म्हणजे सेवेच्या वर्षांनुसार वरची वेतनश्रेणी मिळण्याच्या पदोन्नती योजनेची, फाइल त्रुटी लागून परत आली आहे, किंवा महाविद्यालयाच्या कपाटातून बाहेरच पडलेली नाही, त्यांच्यासाठी हे लिहिते आहे. सात रस्त्याच्या जवळ, आतल्या गल्लीत एक लहानसं दुकान आहे. पाटीवर दुकानाला नाव असं नाही. ‘झेरॉक्स, मराठी-इंग्रजी टायपिंग, बाइंडिंग’ एवढंच लिहिलं आहे. सगळे त्याला अण्णांचं दुकान म्हणतात. अण्णा एका अनुदानित महाविद्यालयातून मुख्य लिपिक म्हणून निवृत्त झाले, आणि टायपिंगचं काम त्यांची सून बघते. बाहेरच्या काउंटरवर पोरं प्रोजेक्टच्या झेरॉक्स काढत असतात. आतल्या टेबलावर स्थाननिश्चितीच्या (कॅसमधून वरच्या श्रेणीत जाण्याच्या) फाइली, वेतननिश्चितीचे तक्ते आणि पेन्शनची प्रकरणं चालतात. हे काम इतक्या चोखपणे करणारा माणूस मी माझ्या नोकरीत दुसरा पाहिला नाही.

आधी माझी पार्श्वभूमी सांगते, म्हणजे मी काय घेऊन तिथे गेले ते कळेल.

मी भूगोल शिकवते. १९९७ च्या जूनमध्ये तालुक्याच्या गावच्या महाविद्यालयात लागले. रीतसर जाहिरात निघाली होती, विद्यापीठाची निवड समिती बसली होती, मुलाखत झाली होती. सोलापूर विद्यापीठ तेव्हा नव्हतं, ते २००४ साली झालं. त्यामुळे मान्यतेची पत्रं कोल्हापूरहून, शिवाजी विद्यापीठातून यायची. दर वर्षी एक पत्र, आणि प्रत्येकात तीच ओळ : नेट किंवा सेट उत्तीर्ण होण्याच्या अटीवर.

यूजीसीने, म्हणजे विद्यापीठ अनुदान आयोगाने, १९ सप्टेंबर १९९१ ला नेट-सेट ही प्राध्यापकांची पात्रता परीक्षा सक्तीची केली. राज्याचा आदेश निघाला ऑक्टोबर १९९२ मध्ये. महाराष्ट्राची स्वतःची सेट पहिल्यांदा झाली १९९५ साली. या मधल्या वर्षांत महाविद्यालयं बंद नव्हती. वर्ग भरत होते, नवे विषय सुरू होत होते, शिक्षक लागत होते आणि अटीत बसणारा उमेदवार जाहिरातीला येत नव्हता. म्हणून आम्हाला घेतलं. ४ एप्रिल २००० ला यूजीसीचे नवे नियम आले, आणि त्याच्या आदल्या दिवसापर्यंत लागलेले आम्ही सगळे ‘बिगर नेट-सेट’ या एका नावाखाली जमा झालो. पुढे वर्षानुवर्षं आम्ही तेच तास घेतले, त्याच उत्तरपत्रिका तपासल्या, तेच एनएसएसचे कॅम्प केले. पाचव्या वेतन आयोगात शेजारच्या टेबलावरची मैत्रीण दहा हजारांच्या वरिष्ठ श्रेणीत गेली, नंतर बारा हजारांच्या निवड श्रेणीत गेली. मी ८०००-१३५०० मध्येच. सहावा आयोग आला तेव्हा तिचा ग्रेड पे वाढत गेला, माझा ६००० वर थांबला.

२०१३ च्या फेब्रुवारीत एम्फुक्टोने, म्हणजे राज्यातल्या प्राध्यापक संघटनांच्या महासंघाने, परीक्षेच्या कामावर बहिष्कार टाकला, त्यात आमचा प्रश्न मागण्यांमध्ये होता. त्या काळातल्या ७१ दिवसांच्या पगाराचा वाद नंतर न्यायालयात गेला, हे बहुतेकांना आठवत असेल. पण त्या बहिष्कारातूनच २७ जून २०१३ चा शासन निर्णय निघाला. १९ सप्टेंबर १९९१ ते ३ एप्रिल २००० या काळात लागलेल्या आमच्या सेवा नियमित झाल्या, मात्र शासन निर्णयाच्या तारखेपासून. म्हणजे शासनाच्या लेखी माझी नोकरी १९९७ ला सुरू झाली नाही, २७ जून २०१३ ला झाली. मधल्या सोळा वर्षांसाठी कितीतरी जण उच्च न्यायालयात गेले. तो वेगळा विषय आहे आणि त्यावर मला स्वतंत्र लिहायचं आहे.

तर २०१३ पासून मोजायचं. माझी पीएच.डी. २०११ ची. पीएच.डी. असेल तर कॅसचा पहिला टप्पा चार वर्षांनी, एम.फिल. असेल तर पाच, दोन्ही नसेल तर सहा. हा काही गुप्त नियम नाही. तरी २०१७ च्या जूनअखेरीला मी महाविद्यालयात अर्ज दिला तेव्हा कार्यालयाने तो ‘सहा वर्षे पूर्ण नाहीत’ असा शेरा मारून परत केला. मी तोंडी सांगितलं, पीएच.डी.ची प्रत पुन्हा जोडली, उपयोग झाला नाही. मग जुलै २०१८ मध्ये यूजीसीची नवी नियमावली आली आणि कार्यालयाने सांगितलं, आता सगळं नव्याने, एपीआय (कामाला गुण देण्याची जुनी पद्धत) रद्द झालं, २०१९ ला बघू.

तेव्हा एका सहकाऱ्याने मला अण्णांकडे पाठवलं.

अण्णांनी माझी फाइल हातात घेतली नाही. आधी विचारलं, “मॅडम, पहिला अर्ज दिला त्याची आवकची प्रत आहे का?” माझ्याकडे ती होती, कारण शेरा मारलेला अर्ज मी रागाने घरी नेऊन ठेवला होता. आवक क्रमांक, तारखेचा गोल शिक्का, खाली लिपिकाची लांब शेपटीची सही. अण्णांनी तो कागद उजेडात धरून शिक्क्याची तारीख वाचली आणि म्हणाले, “हा कागद लॅमिनेट करू नका, मूळ तसाच ठेवा. तुमची सगळी फाइल यावर उभी आहे.”

कारण त्यांनी समजावून सांगितलं ते असं. यूजीसीच्या नियमात पदोन्नतीची तारीख कशी धरायची ते स्पष्ट लिहिलं आहे. किमान कालावधी पूर्ण होताच अर्ज केला आणि समितीने पात्र ठरवलं, तर लाभ त्या किमान कालावधीच्या तारखेपासून. पण पहिल्या मूल्यमापनात नापास झालात आणि नंतर पास झालात, तर लाभ त्या नंतरच्या मूल्यमापनाच्या तारखेपासून. म्हणून अर्धीकच्ची फाइल घाईने समितीपुढे नेणं हा सगळ्यात महागडा उद्योग आहे. समिती नकार देते, उमेदवाराला वाटतं पुढच्या खेपेला होईल, आणि तेवढ्यात तारीख कायमची सरकते. माझ्या बाबतीत अर्ज नापास झाला नव्हता, समितीपुढे गेलाच नव्हता. कार्यालयाने चुकीचा नियम लावून परत केला होता. या दोन गोष्टींत जमीन-अस्मानाचा फरक आहे, आणि तो फरक त्या शिक्क्याने सिद्ध होत होता.

दुसरा मुद्दा नव्या नियमावलीचा. १८ जुलै २०१८ च्या नियमांत सोय होती की ज्यांची पात्रता आधीच्या नियमांखाली झाली किंवा होत आली आहे, त्यांना जुन्या नियमांनुसार विचार व्हावा असा पर्याय देता येत होता, पण अधिसूचनेपासून तीन वर्षांच्या आतच. अण्णांकडे दोन्ही नियमावल्या छापून, बाइंड करून ठेवलेल्या आहेत, आणि या कलमावर पिवळी पट्टी चिकटवलेली आहे. त्यांनी मला दोन्हींचे निकष शेजारी शेजारी मांडून दाखवले आणि निर्णय माझ्यावर सोडला. मी जुना पर्याय घेतला. एपीआयचे माझे तक्ते वर्षागणिक भरलेले होते. ओरिएंटेशनचा प्रशिक्षणवर्ग राहिला होता, पण ३१ डिसेंबर २०१८ पर्यंत देय होणाऱ्या पदोन्नतींसाठी ओरिएंटेशन-रिफ्रेशरची सक्ती नव्हती, हेही त्यांनीच नियमातली ओळ दाखवून सांगितलं.

आता त्यांच्या कामाचा जो भाग मला सर्वांत मोलाचा वाटतो, तो तारखांचा तक्ता. फाइलच्या सुरुवातीला, अनुक्रमणिकेच्याही आधी, लीगल आकाराचा एक कागद लागतो. त्यात पाच रकाने : तारीख, काय घडलं, त्या दिवशी कोणता नियम लागू होता, सेवापुस्तकाचं पान, आणि फाइलमधलं पान. नेमणुकीपासून आजपर्यंतची प्रत्येक हालचाल त्यात येते. मान्यतेची पत्रं, वेतननिश्चिती, पीएच.डी.ची अधिसूचना, प्रसूती रजा, विनावेतन रजा, सगळं. तिसरा रकाना हा अण्णांचा स्वतःचा. तो भरताना ते सुनेलाही हात लावू देत नाहीत. स्वतः लाल बॉलपेनने कच्चा लिहितात, मग ती टाइप करते. माझ्या तक्त्यात २०१३ ते २०१७ या चार वर्षांसमोर त्यांनी एपीआयच्या वेगवेगळ्या दुरुस्त्या लिहिल्या होत्या, कारण २०१३ च्या जूनमधली दुसरी दुरुस्ती, २०१६ च्या मेमधली तिसरी आणि त्याच जुलैतली चौथी अशा तीन दुरुस्त्यांच्या कचाट्यात माझा एकच टप्पा सापडला होता. कोणत्या वर्षाला कोणता तक्ता, हे मला आमच्या आयक्यूएसीत, म्हणजे महाविद्यालयाच्या गुणवत्ता कक्षातही, कोणी नीट सांगू शकलं नव्हतं.

या तक्त्यामुळे काय होतं, तर समितीतल्या माणसाला शोधावं लागत नाही. आणि ज्याला शोधावं लागत नाही तो शंका कमी काढतो. हे अण्णांचं वाक्य आहे. तीसेक वर्षं टेबलाच्या पलीकडे बसलेल्या माणसाचं आहे, म्हणून मी त्याला किंमत देते.

शोधनिबंधाचाही एक प्रसंग सांगायला हवा. माझा एक निबंध २०१७ मध्ये यूजीसीच्या मान्य यादीतल्या नियतकालिकात आला होता. मे २०१८ मध्ये यूजीसीने त्या यादीतून ४,३०५ नियतकालिकं एकदम काढली, त्यात ते गेलं. समितीतल्या एका सदस्यांनी नेमका तोच प्रश्न विचारला : हे तर यादीत नाही. माझ्या फाइलमध्ये निबंधाच्या पाठोपाठ त्या वेळच्या यादीचं पान लावलेलं होतं. ज्या दिवशी यादी उघडून छापली ती तारीख पानाच्या तळाला उमटलेली, आणि नियतकालिकाच्या नावाखाली पेन्सिलची रेघ. अण्णांनी ती यादी आली तेव्हा अख्खी छापून जाडजूड खंड करून ठेवली होती. का, असं मी विचारलं तर म्हणाले, संकेतस्थळावरचं पान बदलतं, माणसाचा निबंध बदलत नाही. निबंध छापला त्या दिवशी काय खरं होतं त्याचा पुरावा कोणीतरी ठेवला पाहिजे. नंतर केअर ही नियतकालिकांची नवी यादी आली, २०२५ च्या फेब्रुवारीत यूजीसीने तीही बंद केली. त्या यादीचीही पानं त्यांच्या कपाटात आहेत.

समितीने माझी स्थाननिश्चिती २७ जून २०१७ पासून मान्य केली. महाविद्यालयाने धरलेल्या तारखेपेक्षा दोन वर्षं आधी. ज्यांना हा फरक किरकोळ वाटतो त्यांनी सातव्या आयोगातले मूळ पगाराचे आकडे बघावेत. स्तर १० ची सुरुवात ५७,७०० ला, स्तर ११ ची ६८,९०० ला, स्तर १२ ची ७९,८०० ला. आणि सहयोगी प्राध्यापकाचा १३ अ सुरू होतो १,३१,४०० ला. पहिला टप्पा दोन वर्षं मागे गेला की पुढचा पाच वर्षांचा आणि त्याच्या पुढचा तीन वर्षांचाही तितकाच मागे जातो. माझ्यासारखीचं, जिची सोळा वर्षं आधीच हिशेबाबाहेर ठेवलेली आहेत, निवृत्तीचं वय साठ. सहयोगी होऊन पाच वर्षं मिळणं आणि तीन वर्षं मिळणं यात काय अंतर आहे ते ज्याने त्याने गुणून पाहावं.

अर्जाच्या शेवटी अण्णांनी आपणहून एक वाक्य घातलं : ‘२७ जून २०१३ पूर्वीच्या माझ्या सेवेबाबतचा हक्क अबाधित ठेवून हा अर्ज सादर करीत आहे.’ मी म्हटलं, याची गरज आहे का? ते म्हणाले, उद्या न्यायालयाने तुमच्या बाजूने काही दिलं, तर समोरचा म्हणेल की मॅडमनी स्वतःच २०१३ ही तारीख मान्य करून लाभ घेतला. त्या दिवशी हे वाक्य उपयोगी पडेल. माझ्या सोळा वर्षांची आठवण एका टायपिंगच्या दुकानात कोणी इतक्या जपून ठेवावी, याने मला भरून आलं. बिगर नेट-सेटवाल्या सगळ्यांना माझं सांगणं आहे, फाइल कुठेही करा, पण हे वाक्य घालाच.

दुकानात बसल्या बसल्या इतरांची प्रकरणंही कानावर पडतात. दोन सांगते, कारण तशी अडचण असलेले वाचक असतील.

एक जण २००८ ला पीएच.डी.ला नोंदणी झालेले. ११ जुलै २००९ च्या आधीच्या नोंदणीवाल्यांना नेट-सेटमधून सूट मिळायला पाच गोष्टींचं प्रमाणपत्र लागतं : पदवी नियमित पद्धतीने मिळालेली, प्रबंध निदान दोन बाहेरच्या परीक्षकांनी तपासलेला, मौखिक परीक्षा खुली झालेली, संशोधनावर दोन निबंध छापलेले आणि त्यातला एक तरी रेफरीड (तज्ज्ञांकडून तपासून छापणाऱ्या) नियतकालिकात, आणि परिषदांत दोन निबंध वाचलेले. प्रमाणपत्रावर कुलसचिवांची किंवा अधिष्ठात्यांची सही हवी. या गृहस्थांच्या प्रमाणपत्रात चारच मुद्दे टाइप झालेले होते, खुल्या मौखिकीचा राहिला होता. त्यांनी आणि त्यांच्या महाविद्यालयाने ते वर्षानुवर्षं तसंच जोडलं होतं. अण्णांनी बोटाने मोजून दाखवलं आणि त्यांना आधी विद्यापीठात पाठवलं. फाइल करून पैसे घेता आले असते, ते घेतले नाहीत.

दुसरे निवृत्त सर, वसुलीचं पत्र घेऊन आलेले. पडताळणीत जुनी वेतननिश्चिती चुकलेली निघाली आणि जादा दिलेली रक्कम परत मागितली. असं कोणाच्या वाट्याला आलं की सगळे रफीक मसीह निकालाचं नाव सांगतात. सर्वोच्च न्यायालयाचा डिसेंबर २०१४ चा निकाल : निवृत्तांकडून, निवृत्तीला वर्षाच्या आत आलेल्यांकडून, किंवा पाच वर्षांहून जास्त काळ जादा रक्कम दिली गेली असेल तर वसुली करू नये. ते बरोबर आहे. पण अण्णांनी लगेच विचारलं, वेतननिश्चितीच्या वेळी हमीपत्रावर सही केली होती का? कारण २०१६ च्या जगदेव सिंग निकालात न्यायालयाने म्हटलं आहे की जादा रक्कम परत करीन अशी हमी लिहून दिली असेल तर ती बांधील राहते. सर म्हणाले, सगळ्यांनीच केली होती, कोरा नमुना वाटला होता. तो कागद न वाचता आपण सगळ्यांनी सह्या केल्या आहेत. अण्णा त्यापुढे गेले नाहीत. इथून पुढे वकील, असं सांगून त्यांनी फक्त कागदांची जुळणी करून दिली. आपल्या कामाची हद्द त्यांना ठाऊक आहे, आणि मला ही गोष्ट त्यांच्या हुशारीइतकीच महत्त्वाची वाटते.

तासिका तत्त्वावरची तरुण मुलंही येतात. २०१८ च्या नियमांनी विद्यापीठ विभागांत सहायक प्राध्यापकाला पीएच.डी. सक्तीची करायची ठरवली, आधी जुलै २०२१ पासून, मग तारीख पुढे ढकलून जुलै २०२३, आणि ती तारीख आली तेव्हा सक्तीच काढून नेट-सेट हीच किमान पात्रता ठेवली. या पाच वर्षांत कितीतरी मुलांनी धसक्याने नोंदणी केली, फी भरली, गाईडच्या मागे फिरली. महाविद्यालयातल्या जागेसाठी ती सक्ती कधीच नव्हती, हे त्यांना कोणी सांगितलं नव्हतं. एका मुलीला हे अण्णांच्या टेबलाशी कळलं तेव्हा ती बराच वेळ गप्प बसली होती. नियम करणाऱ्यांनी त्या मुलीचा चेहरा पाहायला हवा होता, असं मला मनापासून वाटतं. पात्रतेची अट असावी, कडक असावी, त्याला माझा विरोध नाही. माझा विरोध अट मागच्या तारखेला लावण्याला आहे, आणि माणूस धावत असताना रेघ हलवण्याला आहे.

आणखी एका गोष्टीसाठी मी अण्णांना मानते. ‘मॅडम, निबंध छापून देतो, आयएसएसएन (नियतकालिकाचा क्रमांक) मिळेल, आठवड्यात प्रमाणपत्र’ असं सांगणारे एजंट स्टाफरूमपर्यंत पोचलेले आहेत. माझ्यासमोर एका प्राध्यापकांनी अण्णांना तसं काही जमेल का विचारलं. अण्णांनी त्यांची फाइल बांधून त्यांच्या हातात दिली. आवाज चढवला नाही. “सर, जे झालं ते मी नीट लावून देतो. जे झालं नाही ते माझ्याकडे होत नाही.” त्यानंतर ते गृहस्थ परत आलेले मी पाहिले नाहीत.

आता उणिवा, कारण त्या सांगितल्याशिवाय शिफारस करणं बरोबर नाही.

सगळ्यात मोठी उणीव गोपनीयतेची. फाइली उघड्या रॅकवर असतात, पाठीवर नाव आणि महाविद्यालय ठळक लिहिलेलं. कोणाची फाइल किती दिवस पडून आहे, कोणाची वसुली निघाली आहे, हे काउंटरवर उभ्या असलेल्या कोणालाही दिसतं. छोट्या जिल्ह्यात सगळे सगळ्यांना ओळखतात, त्यामुळे याचा त्रास होतो. मी अण्णांना दोनदा बोलले. त्यांनी पडदा लावला, तो आता बाजूला सारलेलाच असतो.

इंग्रजी टायपिंगमध्ये चुका राहतात. मराठी अगदी स्वच्छ, पण निबंधांची इंग्रजी शीर्षकं आणि नियतकालिकांची नावं स्वतः अक्षर अक्षर तपासावी लागतात. आयएसएसएनचा एक आकडा इकडचा तिकडे झाला की तो निबंध गेलाच समजा. काम वेळेवर मिळेल याची खात्री मार्च आणि जूनमध्ये धरू नका. जानेवारीत सिद्धेश्वरांच्या यात्रेच्या दिवसांत दुकान बंद असतं, आणि नेमक्या त्याच सुमाराला बऱ्याच महाविद्यालयांत कॅसचं शिबिर लागतं. फोनवर ते काही सांगत नाहीत. कागद पाहिल्याशिवाय मत नाही, हा त्यांचा नियम. करमाळ्या-मंगळवेढ्याहून येणाऱ्याला तो जाचक होतो, पण मला तो पटतो.

दर वाजवी आहेत. टायपिंग पानावर, झेरॉक्स पानावर, बाइंडिंग वेगळं. तारखांच्या तक्त्याचे वेगळे पैसे घेतात आणि ते आधी सांगतात. लाभाच्या रकमेवर टक्का मागणारे लोक या धंद्यात आहेत, अण्णा मागत नाहीत. पावती मात्र मागून घ्यावी लागते.

एक प्रश्न माझ्या मनातून जात नाही. हे सगळं काम महाविद्यालयाच्या कार्यालयाचं आहे. सेवापुस्तक त्यांच्याकडे, शासन निर्णय त्यांच्याकडे येतात, नियमावली त्यांना कळवली जाते. पण अनुदानित महाविद्यालयांत शिक्षकेतर जागा वर्षानुवर्षं भरलेल्या नाहीत, आहे तो एक लिपिक शिष्यवृत्तीचे अर्ज, परीक्षा आणि पगारबिलं यांतच बुडालेला असतो. माझा अर्ज परत करणाऱ्यावर आता माझा राग नाही, त्याला तो नियम कोणी शिकवला नव्हता. पण मग शिक्षकाने स्वतःच्या हक्काची तारीख एका निवृत्त माणसाच्या आठवणीवर आणि कपाटावर सोडावी का? अण्णांचं वय झालं आहे. सुनेला सगळं येतं, फक्त तो तिसरा रकाना अजून तिच्या हातात आलेला नाही. तो तिला शिकवा, असा आग्रह मी त्यांच्याकडे धरला आहे, तुम्हीही धरा. विद्यापीठाच्या किंवा संघटनेच्या कोणी त्यांना बसवून लिपिकांसाठी दोन दिवसांचं प्रशिक्षण ठेवलं तर त्याहून चांगलं काही नाही.

माझी सहयोगी प्राध्यापकाची फाइल सध्या त्यांच्याकडेच आहे. दुसरा टप्पा २०२२ ला झाला, हा तिसरा. यात एपीआय नाही. नेमून दिलेल्या तासांपैकी ८० टक्के आणि वर घेतले तर ‘चांगले’, ७० च्या वर असेल तर ‘समाधानकारक’, असा हिशेब आहे. म्हणजे पुरावा म्हणून रोजची तासिका नोंदवही आणि वेळापत्रक हवं, प्राचार्यांच्या सहीसह. निवडणुकीच्या कामाला गेलेले दिवस, परीक्षेच्या ड्यूटीचे दिवस यांचे आदेश जोडा, नाहीतर ते तास न घेतलेले दिसतात. हेही मला टेबलाशीच कळलं.

जाताना नेमणुकीचा आदेश, सगळी मान्यतापत्रं (२००४ च्या आधीची कोल्हापूरची असतील तीसुद्धा), सेवापुस्तकाच्या पानांच्या प्रती, पदव्यांच्या अधिसूचना, आणि आजवर दिलेल्या प्रत्येक अर्जाची आवकची प्रत न्या. मूळ सेवापुस्तक नेऊ नका, अण्णा ते दुकानात ठेवून घेत नाहीत. सकाळी अकराच्या आधी गेलात तर निवांत बोलता येतं. दुपारनंतर पोरांची गर्दी असते. दुकानाला माझे गुण पाचपैकी साडेचार.